चार बोटं खाली

लोक म्हणतात, वय झालं की माणसानं जुनं सगळं विसरावं, माफ करून मोकळं व्हावं. मला ते जमलेलं नाही, आणि खरं सांगायचं तर मी कधी मनापासून प्रयत्नही केला नाही. मागच्या महिन्यात एक मुलगी माझ्याकडे वही घेऊन आली होती. पनवेलच्या बंदरावर एके काळी मचवे बांधले जायचे, त्या वारशाबद्दल तिला काहीतरी लिहायचं होतं. "आजी, तुमचे वडील मचवे बांधायचे ना? एखादी छानशी आठवण सांगा." मी तिला चहा दिला, चकल्या दिल्या, लाकूड तासायचा वाकस कसा धरतात ते उलथन्यानं करून दाखवलं. छानशी आठवण काही सांगितली नाही. माझ्याकडे जी आठवण आहे ती सुडाची आहे, आणि ती आठवली की मला अजूनही दोन घास जास्त जातात.

आमचं घर बंदराच्या उताराला होतं. घर कसलं, मचवे बांधायच्या मोकळ्या जागेला मागच्या बाजूनं चिकटलेल्या तीन खोल्या. स्वयंपाकघराच्या खिडकीतून बांधकामावरचा मचवा दिसायचा, आधी नुसत्या फासळ्या, मग पोट, मग काठ. सकाळी वाकसाची टकटक सुरू झाली की आई चुलीवर तवा टाकायची आणि टकटक थांबली की भाकऱ्या मोजायची. घड्याळ आमच्याकडे नव्हतंच. दादा, म्हणजे माझे वडील, बोलायचे कमी. लोक त्यांना धोंडू मिस्त्री म्हणायचे. नेऱ्याकडच्या डोंगराखाली ते लाकूड बघायला जायचे तेव्हा कधीकधी मलाही बरोबर न्यायचे. दुसऱ्यांना तिथं बाभळी दिसायच्या. दादा एका वाकड्या फांदीखाली थांबायचे, मान तिरकी करून बघायचे आणि म्हणायचे, "ही बघ यमू, डाव्या अंगाची चौथी फासळी." मचव्याची फासळी वाकवून करायची नसते, झाडावरच वाकलेली शोधायची असते, हे मला पाढ्यांच्या आधी कळलं होतं.

घरातल्या बायकांचं काम वातींचं. फळ्यांच्या सांध्यात कापसाची वात ठोकून बसवतात, ती तेलात कढवलेल्या राळेत भिजवलेली असते. आई आणि मी मांडीवर कापूस वळायचो. देवाच्या वातीही आई त्याच पद्धतीनं वळायची, फक्त त्या बोटभर आणि या हातभर. राळ कढली की घरभर असा वास सुटायचा की वालाचं बिरडं खाताना ते बिरडं आहे यावर विश्वास ठेवावा लागायचा. आई कुरकुरायची. पण पुढं जेव्हा तो वास सात वर्षं बंद झाला, तेव्हा तिच्याइतकं कुणीच रडलं नाही.

आमच्या बंदरावर एक रीत होती. मचवा म्हटलं तर पुल्लिंगी, पण पाण्यात उतरेपर्यंत तो मिस्त्रीची मुलगी असायचा. त्यामुळे तो पाण्यात सोडायचा म्हणजे मुलीची पाठवणी. उधाणाच्या भरतीला पाणी मचव्याखाली आलं की मालक नारळ घेऊन पुढं यायचा आणि तीनदा विचारायचा, "मिस्त्री, मुलगी देता?" दोनदा मिस्त्री गप्प राहायचा, उगाच मान मिळवायला. तिसऱ्यांदा म्हणायचा, "दिली." मग तो स्वतः मचव्याला अडवून धरणारी शेवटची पाचर ठोकून काढायचा आणि खलाशी दोर ओढायचे. 'दिली' म्हटल्याशिवाय दोराला हात लावायचा नाही, हे खलाशी देवाधर्मासारखं पाळत. न दिलेली मुलगी नांदत नाही, असं ते मानत. दादांची स्वतःची आणखी एक गोष्ट होती. पाठवणीच्या आधी ते मचव्याच्या अंगाला बाहेरून तांब्याचा एक खिळा मारायचे, सुपारीएवढ्या डोक्याचा. माल भरताना पाणी त्या खिळ्याला टेकलं की बस, पुढं एक पोतंही चढवायचं नाही. खिळा कुठं मारायचा हे ते तीन दिवस ठरवत असत.

मी दहा वर्षांची असताना भाऊशेठचा मचवा बुडाला. भाऊशेठ मिठाचा व्यापारी, बाजारात त्याची मोठी वखार. अंगानं आडवा, बोलणं गोड, हसताना डोळे बंद व्हायचे. दादांनी त्याला बांधून दिलेला मचवा तीन वर्षं मुंबईच्या फेऱ्या करत होता. एके दिवशी दुपारी खाडीच्या तोंडाशी, वारा फार नसताना, तो खाली गेला. चारपैकी दोघे खलाशी मेले. मीठ तर विरघळूनच गेलं, त्यामुळे मचव्यात किती भरलं होतं हे सांगायलाही काही उरलं नाही. मचवा गाळात गेला तो गेलाच. दुसऱ्या दिवशी भाऊशेठ भर बाजारात उभा राहिला आणि डोळे पुसत म्हणाला, "मिस्त्रीनं किडकी फळी घातली. माझी दोन माणसं खाल्ली त्यानं." वाचलेल्यांपैकी एक होता हिरू तांडेल, मचव्याचा मुख्य. त्याला सगळे विचारायला लागले. तो खाली बघत म्हणाला, "मना काय ठाव नाय." त्याच्या घरात खाणारी सात तोंडं होती आणि काम भाऊशेठचंच होतं. मी त्यालाही बरीच वर्षं माफ केलं नव्हतं.

दादांनी भांडण केलं नाही. त्या दिवशी त्यांनी वाकसाला तेल लावलं, गोणपाटात गुंडाळला आणि माळ्यावर टाकला. मग ते बैलगाड्यांची चाकं करायला लागले. पनवेलच्या चाकांना तेव्हा घाटापर्यंत मागणी होती, त्यामुळे आम्ही उपाशी राहिलो नाही. पण दादा चाक करायचे ते पाठमोरे बसून, खाडीकडे पाठ करून. आईला सगळ्यात जास्त लागलं ते चांगुणाचं. चांगुणा मासे घेऊन रोज आमच्या दारात यायची, टोपली उतरवली की आधी पाणी मागायची आणि आईला गावभरच्या बातम्या द्यायची. बुडालेल्या दोघांतला एक तिचा नवरा. त्यानंतर ती आमच्या गल्लीतून जायचीच नाही, पलीकडून वळसा घ्यायची. एकदा बाजारात आई तिच्यासमोर जाऊन उभी राहिली. चांगुणानं टोपलीवर फडकं ओढलं. "तुमच्या किडक्या लाकरानं माजा दादला नेला, बाय. तुमाला मासली नाय देनार मी." आई रिकामी पिशवी घेऊन घरी आली. त्या दिवसापासून मी झोपायच्या आधी देवाला एकच मागणं मागायची, आणि ते भाऊशेठबद्दल असायचं. इथं लिहिण्यासारखं नाही.

सात वर्षं गेली. भाऊशेठनं मध्यंतरी दुसरीकडून एक मचवा आणला होता, दिसायला झोकदार. पण आमच्या खाडीची वळणं आणि गाळ त्याला झेपेना. ओहोटी लागली की तो कुठंतरी रुतून कुशीवर झोपायचा. शेवटी एका सकाळी भाऊशेठ आमच्या दारात आला, बरोबर पेढ्यांचा पुडा. "मिस्त्री, झालं गेलं विसरा. या खाडीचं पोट तुम्हालाच कळतं. मला मचवा हवाय." मी आतून ऐकत होते. मला वाटलं, आता दादा पुडा उचलून त्याच्या अंगावर फेकतील. दादांनी हातातलं चाक बाजूला ठेवलं आणि म्हणाले, "बांधतो. पण पाठवणी रीतीप्रमाणं होईल." भाऊशेठ हसला, डोळे बंद करून. "रीतीप्रमाणंच, मिस्त्री!" तो गेल्यावर मी दादांना काय काय बोलले! तुम्हाला लाज नाही, कणा नाही, बापानं असं वागावं का? दादांनी माळ्यावरून वाकस काढला आणि धार लावायला बसले. पेढे आईनं शेजारच्या म्हशीला घातले, एवढं एकच बरं झालं.

मचवा उभा राहायला लागला. टकटक परत आली, राळेचा वास आला, नेऱ्याहून बाभळी आल्या. दादा दहा वर्षांनी लहान दिसायला लागले, आणि मला त्याचाच राग यायचा. माझ्या डोक्यात वेगळंच शिजत होतं. वाती वळून सांध्यात भरायचं काम आता मीच करायची. एके दुपारी, माणसं जेवायला गेलेली असताना, तळाजवळच्या एका सांध्यात मी वीतभर जागेत कोरडा कापूस भरला, राळ नाही, तेल नाही, आणि वरून राळेचा हात फिरवला. बघणाऱ्याला काही कळलं नसतं. मी सतरा वर्षांची होते आणि मला वाटत होतं की मी फार हुशार आहे.

पण मचवा पाण्यात सोडायच्या आधी त्याच्यातच पाणी भरून बघतात, हे मला ठाऊक असूनही मी कसं विसरले कोण जाणे. कदाचित मला पकडलं जायचंच असेल. माणसांनी हंडे ओतून पोट भरलं आणि दादा बाहेरून एकेक सांधा बघत फिरायला लागले. माझ्या सांध्याशी ते थांबले. एक थेंब, मग दुसरा. त्यांनी बोट लावलं, चाटलं, आणि माणसांना म्हणाले, "पाणी काढा. इथं माझीच नजर चुकली." पटाशीनं तो कापूस त्यांनी स्वतः उकरून काढला. संध्याकाळी जेवायला बसलो तेव्हा माझ्या ताटात भाकरीच्या जागी तो कापूस होता. आई काही न कळून बघत राहिली.

"भाऊशेठ मचव्यातून कधी जातो का?" दादांनी विचारलं.

मी नाही म्हणून मान हलवली.

"मग बुडणार कोण?"

मला उत्तर ठाऊक होतं. बुडणार हिरू, आणि आणखी एखाद्या चांगुणाचा नवरा. मला इतकी शरम वाटली की रडूही येईना. दादांनी ताट ओढून घेतलं, कापूस चुलीत टाकला आणि भाकरी वाढली. "राग तुला एकटीलाच आलाय असं समजू नकोस," ते म्हणाले. "मी सात वर्षं चाकं केलीत." त्यांच्या तोंडून मी ऐकलेलं रागाचं हे पहिलं वाक्य.

पाठवणी पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी ठरली. भर दुपारची भरती, महिन्यातलं मोठं उधाण. सगळं बंदर लोटलं होतं. मचव्याला झेंडूच्या माळा, नाकाला हळद-कुंकू. भाऊशेठ जरीचा फेटा बांधून आला, मागं त्याचे व्याही, वखारीतले लोक, वाजंत्री. पाणी चढत चढत मचव्याच्या पोटाखाली आलं. भाऊशेठ नारळ घेऊन पुढं झाला. "मिस्त्री, मुलगी देता?" दादा गप्प. लोक हसले. "मिस्त्री, मुलगी देता?" दादा गप्प. "मिस्त्री, मुलगी देता?" हिरूनं दोरावर हात नेला.

दादा म्हणाले, "भाऊशेठ, याआधीची एक मुलगी मी तुमच्याकडं नांदायला दिली होती. ती मेली. कशानं मेली ते आधी सांगा. मग ही देतो."

वाजंत्र्याच्या पिपाणीतून एक चुकार फुंकर निघाली, ती सगळ्या बंदराला ऐकू आली. भाऊशेठचं हसू तसंच राहिलं, फक्त डोळे उघडे. "आज शुभ दिवशी हे काय काढलंत? चला, पाणी थांबायचं नाही." दादा पाचरीजवळ हात बांधून उभे राहिले. भाऊशेठनं खलाशांना ओरडून सांगितलं, "ओढा रे!" हिरूनं दोरावरचा हात काढून घेतला. "मिस्त्री बोललं नाय, शेठ. आमी नाय हात लावनार." भाऊशेठ धमक्या देत राहिला, मधूनमधून व्याह्यांना समजावत राहिला. पाणी थोडा वेळ थांबल्यासारखं झालं आणि मग उतरायला लागलं. मचव्याखालचा चिखल दिसायला लागला तेव्हा वाजंत्री आपोआप निघून गेली. आता पुढचं मोठं उधाण अमावास्येला, म्हणजे पंधरा दिवसांनी.

ते पंधरा दिवस माझ्या आयुष्यातले सगळ्यात गोड दिवस आहेत. लग्न झालं, मुलं झाली, तरी मी हेच म्हणेन. माळा घातलेला तो मचवा बंदरावर उभा, आणि गावातलं कुणी ना कुणी रोज बघायला यायचं. भाऊशेठ वखारीकडे निघाला की टांगेवाला टांगा हळू करून विचारायचा, "शेठ, सूनबाई अजून माहेरीच?" न्हावी म्हणायचा, "आणायला कुणाला तरी मूळ पाठवा की." भाजीवाली म्हणायची, "आता डोहाळजेवणपण तिकडंच का?" मी मुद्दाम रोज बाजारात जायची, काही घ्यायचं नसलं तरी. दादा मात्र सकाळ-संध्याकाळ मचव्याच्या फळ्यांवर पाणी मारत होते, उन्हानं सांधे उघडू नयेत म्हणून. त्यांचा राग शेठवर होता, लाकडावर नव्हता.

अमावास्येला भाऊशेठ आला तो फेट्याशिवाय, नारळ मात्र होता. गर्दी आधीपेक्षा दुप्पट. मी आदल्या दिवशी चांगुणाच्या घरी गेले होते. ती दार लावून घेत होती, मी दारात पाय घातला आणि म्हटलं, "एकदा ऐकायला ये. मग पुन्हा आयुष्यभर बोलू नकोस." ती आली होती, पण लांब, कुंपणापाशी उभी. पाणी चढलं. भाऊशेठनं आधी मुलगी मागितलीच नाही. पायाकडे बघत म्हणाला, "फळीला कीड नव्हती."

"मग कशानं मेली?" दादांनी विचारलं.

"माल जास्त झाला होता."

"पाणी कुठवर होतं?"

"खिळ्याच्या वर," तो पुटपुटला.

मी दादांच्या मागे उभी होते. मला काय झालं कुणास ठाऊक, मी जोरात ओरडले, "ऐकू आलं नाही!" सतरा वर्षांची मुलगी भर बंदरावर व्यापाऱ्याला असं ओरडते, आईनं तर कपाळाला हात लावला. पण दादांनी मागे वळून मला गप्प केलं नाही. मी म्हटलं, "कुंपणापर्यंत ऐकू गेलं नाही, शेठ. तिथं चांगुणाबाई उभी आहे." पाणी मचव्याच्या पोटाला लागलं होतं. भाऊशेठनं पाण्याकडे बघितलं, मग कुंपणाकडे, आणि ओरडून म्हणाला, "पाणी खिळ्याच्या वर होतं! हिरू नको म्हणत होता, मी भरायला लावलं! लाकूड चांगलं होतं!" हिरू तिथंच दोराशेजारी खाली बसला आणि दोन्ही हातांनी तोंड झाकून रडायला लागला. मग भाऊशेठनं कोरड्या तोंडानं रीतीप्रमाणं तीनदा विचारलं. तिसऱ्यांदा दादा म्हणाले, "दिली. पण पाणी खिळ्याला टेकलं की थांबायचं, हे सगळ्यांसमोर कबूल करा." त्यानं कबूल केलं. पाचर निघाली आणि मचवा असा अलगद गेला की खलाशांना ओढायचं कामच पडलं नाही.

संध्याकाळी दारात टोपली उतरल्याचा आवाज आला. चांगुणानं आधी पाणी मागितलं. मग टोपलीतून हातभर लांब जिताडा काढून आईच्या पुढ्यात ठेवला आणि म्हणाली, "सात वर्सं वलसा घालून पाय तुटलं माजं." त्या दोघी दारातच बसून रडल्या आणि मासा मला एकटीला साफ करावा लागला. जेवताना दादांनी रस्सा भुरकला, बोटं चाटली आणि सहज म्हणाले, "खिळा मी चार बोटं खाली मारलाय."

आईचा हात वाढता वाढता थांबला. "म्हणजे?"

"म्हणजे मचवा पेलेल त्यापेक्षा कमी माल जाईल. दर फेरीला. मचवा आहे तोवर." आणि त्यांनी आणखी भात मागितला. ज्या माणसाला मी बिनकण्याचा म्हटलं होतं, त्याच्याकडे मी त्या दिवशी डोळे फाडून बघत राहिले.

तो मचवा पुढं किती वर्षं चालला! ट्रक यायला लागले, बंदर गाळानं भरत चाललं, तरी तो चालत होता. दर वेळी माल भरताना पाणी खिळ्याला टेकलं की हिरू उकिडवा बसायचा आणि बिडी पेटवायचा. भाऊशेठ धक्क्यावर उरलेली पोती बघत तळमळायचा. "अरे, अजून केवढी जागा आहे! आधीच्या मचव्यात याच्यापेक्षा जास्त मावायचं."

"आदीचा मचवा कुटं हाय, शेठ?" हिरू विचारायचा.

दादा गेल्यावर बऱ्याच वर्षांनी एका लग्नात भाऊशेठ भेटला. म्हातारा, काठी टेकत आलेला, दात गेलेले. मी पंगतीत वाढत होते. त्यानं मला ओळखलं, पानावरून हात उचलला आणि इकडेतिकडे बघून हळूच विचारलं, "यमू, आता मिस्त्री नाहीत म्हणून विचारतो. तो खिळा जरासा खालीच होता का गं?"

सांगून टाकता आलं असतं. त्याचे दिवस भरत आले होते, मचवाही मोडीत निघाला होता. मी त्याच्या डोळ्यांत बघितलं. चाकं करत खाडीकडे पाठ करून बसलेले दादा मला दिसत होते.

"दादांचं माप कधी चुकलं नाही, शेठ," मी म्हटलं, आणि त्याच्या पानात आणखी एक जिलबी वाढली.